हिरव्या दाराची हकीकत

प्रकाशास नमन, सावलीस नमन, आणि जो खिळा भिंत उभी धरितो परंतु पडद्यावर कोणास दिसत नाही, त्या खिळ्यास त्रिवार नमन. शके एकोणीसशे शेहेचाळीस, क्रोधीनाम संवत्सरे, मार्गशीर्ष मासी आज्ञा जाहली की, चित्रपटाचे राज्यात नेपथ्याची सरदारी करणारे अरविंदपंत कारखानीस यांचे वर्तमान साद्यंत लिहावे, ते येणेप्रमाणे.

पंत मूळचे नाटकांचे पडदे रंगविणारे. मग या राज्यात आले आणि किल्ले बांधिले, बाजार वसविले, न्यायालये उभारिली, आणि चित्रण सरताच सर्व मोडून लाकूड टेम्पोत भरिले. एवढी नगरे वसविली, परंतु स्वस्थ बसणे पंतांचे पत्रिकेत नाही. कोणाचे घरी बारशास गेले तरी भिंतीवर टकटक करून पाहावी, यजमानांचे कपाट हातभर सरकवावे, आणि मग कुटुंब कुमुदबाई यांणी बाही धरून ओढावे, "अहो, लोकांचं घर आहे हे, सेट नव्हे. जेवा आधी!" पंत जेवीत, परंतु नजर छतास लागलेली.

ऐसे असता राज्यावर हिरवे कापड चालून आले. स्वामी म्हणजे दिग्दर्शक, वयाने पंतांचे पुत्रासमान, त्यांणी पंतांस बोलावून सांगितले, "काका, या वेळी काही बांधायचं नाही. चहूकडे हिरवं कापड लावा, हिरवं तेवढं पुसून तिथं राजवाडा नंतर कंप्युटरवर काढू." पंतांचे पायाखालची जमीन सरकली. कापड काय, कोणीही मांडववाला टांगील, मग आपणांस पुढे कोण पुसणार, या भयाने पंत स्टुडिओत येरझारा घालू लागले, आणि कामगार त्रासून बोलिले, "पंत, एका जागी थांबा हो, कापड हलतंय!"

मग मुख्य प्रसंगाचा दिवस उगवला. कथेतील राणीने लेकरास आत ठेवून महालाचे दार लोटून निघून जावे, ऐसा प्रसंग. राणीचे कामास रेवतीबाई, नामांकित नटी. समोर दार नाही, हिरवे कापड मात्र. बाईंनी हवा लोटिली, स्वामी म्हणाले "पुन्हा", पुन्हा लोटिली, पुन्हा "पुन्हा", तो बाई कडाडल्या, "अहो, हवेला काय लोटू मी? दार जड आहे की हलकं, एवढं तरी सांगाल की नाही कोणी?" पंतांस राहवेना. सुतार जमविले, जाड फळ्यांचे दार ठोकविले, मागे वाळूची पोती बांधिली, बिजागऱ्यांस मुद्दाम तेल दिले नाही, आणि मग शत्रूचाच रंग डब्यात कालवून स्वहस्ते ते दार हिरवे रंगविले. स्वामी तापले, "काका, बांधायचं नाही म्हटलं होतं ना?" पंत म्हणाले, "दिसणार नाही साहेब. नुसतं असू द्या." मग बाईंनी खांदा लाविला, दार हलेना, पुन्हा लाविला, आणि दार कुरकुरत सरकताच बाईंस रडू कोसळले, ते स्वामींनी थांबविले नाही.

चित्र झळकले तेव्हा पंत कुमुदबाईंसह पाहण्यास गेले. पडद्यावर सोन्याचे नक्षीदार दार, कंप्युटरवाल्यांनी काढिलेले. पंतांचे दार कोठेच नाही. पंत खुर्चीत चुळबुळले, अर्धे उठले, मागून कोणी ओरडले, "ओ काका, खाली बसा!" इतक्यात राणीचे मानेची शीर ताणली, आणि कुमुदबाई हळूच पुसत्या जाहल्या, "फार जड होतं का हो?" पंत म्हणाले, "चौघांनी उचललं."

मग स्वामींचा फोन आला, "काका, पुढच्या सिनेमात समुद्र आहे. पाणी कंप्युटरवर काढू, पण नटाला लाटेचा मार बसायला हवा. काय कराल?" पंतांनी बोलणे पुरे होऊ दिले नाही, "कमरेपर्यंत की छातीपर्यंत?" ऐसे पुसत चपला घातल्या.

सारांश, सरदारी राहिली, कापडाचे राज्यातही पंतांवाचून अडू लागले. परंतु आपले हातचे आता पडद्यावर काही दिसत नाही, हे दुःख पंतांनी कुमुदबाईंखेरीज कोणास सांगितले नाही.