वयात येण्याची सुधारित पद्धत

माणूस वयात येतो, ही गोष्ट आता शिक्षण खात्यानेही तत्त्वतः मान्य केली आहे. पूर्वी अशी सोय नव्हती. मुलं आपापल्या जबाबदारीवर वयात येत आणि शाळा त्यात पडत नसे.

विज्ञानाच्या बाई स्वतः शाळेत होत्या तेव्हा गुरुजी वर्षाच्या सुरुवातीलाच दहाव्या, म्हणजे वयात येण्याच्या धड्याची पानं डिंकाने चिकटवून घेत. (वर्षअखेरीस सगळ्या पुस्तकात वाचून वाचून फाटलेली तेवढीच पानं असत.) पुढे प्रगती झाली. डिंक गेला आणि ‘हा धडा घरी वाचा’ आलं. मग मुलांना मैदानावर पिटाळून मुलींना सभागृहात बसवण्याची शास्त्रीय पद्धत निघाली. त्यामुळे कुणालाच दुसऱ्याबद्दल काही कळेना आणि समानता साधली गेली. आता तर वर्गात मोठा पडदा आहे. पडद्यावर फूल आहे, मधमाशी आहे. बाई फुलापर्यंतचा भाग इतका रंगवून शिकवतात की खात्याने त्यांना पुरस्कार दिला. फुलानंतर माणूस येतो. तिथे बाई घसा खाकरतात आणि म्हणतात, “पुढचं घरी आईला विचारा.” पाहणीत शंभर टक्के पालक समाधानी आढळले. (मुलांना विचारलं नाही. असल्या गोष्टी मुलांना विचारत नाहीत.)

अडचण एवढीच झाली, की यंदा बाईंची लेक बाईंच्याच वर्गात आली.

रविवारी ती न्हाणीघरातून बाहेर आली ती पांढरीफटक पडून. “आई, रक्त थांबतच नाहीये गं. मी मरणार का?”

 समोर कपाटावर पुरस्काराची ढाल चकाकत होती. बाईंनी कपाट उघडलं, पॅड वर्तमानपत्रात गुंडाळून लेकीच्या हातात कोंबलं आणि दबक्या आवाजात म्हणाल्या, “काही मरत नाहीस. बाबांसमोर बोलू नकोस. बाकीचं शाळेत शिकवतील.”

अभ्यासक्रमाच्या दृष्टीने उत्तर निर्दोष होतं.

सोमवारी पडद्यावर फूल उमललं. मधमाशी आली, गेली. बाईंनी घसा खाकरला. “पुढचं घरी आईला...”

लेक उभी राहिली. रडून रडून तिचे डोळे सुजले होते. “बाई, आईला विचारलं. ती म्हणाली, शाळेत शिकवतील.”

“माझी आईपण हेच म्हणाली,” मागून कुणीतरी बोललं. कुणी हसलं नाही.

बाईंना मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्यांनी पडदा बंद केला, खडू उचलला आणि नोकरीत पहिल्यांदाच दहावा धडा शेवटपर्यंत शिकवला. मुलगे आणि मुली एकत्र असताना, साध्या भाषेत, फुलाचं नावही न घेता. लेकीच्या चेहऱ्यावर हळूहळू रंग परत आला.

दुसऱ्या दिवशी सगळे पालक शाळेत धडकले. (एवढी हजेरी पालकसभेलाही नसते.) आठवड्याच्या आत बाईंची बदली ग्रंथालयात झाली आणि वर्गात फूल पुन्हा सन्मानाने रुजू झालं.

खात्याचं चुकलं, असं तुम्ही आता म्हणाल. जरूर म्हणा. फक्त तुमची मुलगी मघापासून दारात घुटमळते आहे. तिला काहीतरी विचारायचं आहे. हे पान मिटा, घसा खाकरा, आणि शाळेत शिकवतील म्हणून सांगा.