हाज मुतवल्लींचा फेरविचार

इजिप्तमधल्या तांता शहराच्या दिवाणी कोर्टाने हाज मुतवल्लींचा गच्चीवरचा कबुतरखाना पाडायचा हुकूम दिला, तेव्हा हाज म्हणाले, "न्यायाधीश कोवळा आहे. चार दिवसांत भानावर येईल." न्यायाधीश काही भानावर आला नाही, आणि अपिलाची मुदत मात्र निघून गेली. मग हाज तळमजल्यावरच्या वकिलाकडे धावले. वकील वगदी त्यांच्या डोळ्यांदेखत लहानाचा मोठा झाला होता.

"त्याच न्यायाधीशापुढे फेरविचाराचा अर्ज टाक. त्याला सांग, बाबा रे, तू चुकलास."

"हाज, निकाल चुकला हे फेरविचाराचं कारण होत नाही."

"मग काय बरोबर आला म्हणून अर्ज करायचा?"

"चुकीसाठी अपील असतं. ते तुम्ही झोपेत घालवलंत. फेरविचाराला दारं मोजकीच. समोरच्याने फसवलं असेल, खोटा कागद दाखवला असेल, किंवा कोर्टाने मागितल्यापेक्षा जास्त दिलं असेल, अशी. दावा लावणाऱ्या सित्त इहसानने मागितलं काय? कबुतरखाना पाडा. कोर्टाने दिलं काय? तेवढंच."

"पण मला निकाल पटलेला नाही!"

"हरणाऱ्याला कधी पटतो, हाज? त्यापेक्षा वर जाऊन समेट करा. तिने बेलिफ बोलावलाच नाही, तर पाडणार कोण?"

सित्त इहसान, म्हणजे इहसानबाई, गच्चीच्या खालच्याच मजल्यावर राहायची. दाव्यात तिने कबुतरांच्या घाणीबद्दल पानंच्या पानं लिहवून घेतली होती. पण खरं दुखणं वेगळं आहे हे अख्ख्या गल्लीला ठाऊक होतं. तिच्या नवऱ्यामागे त्याची एक तपकिरी मानेची कबुतरी उरली होती. एका संध्याकाळी ती करम न्हाव्याच्या थव्याबरोबर त्याच्या गच्चीवर उतरली. कबुतरवाल्यांचा नियम साधा आहे: ज्याच्या गच्चीवर उतरेल, पाखरू त्याचं. तंटा झालाच तर शुक्रवारच्या कबुतरबाजारात हाज निवाडा करत, आणि दिलेला निवाडा त्यांनी जन्मात फिरवला नव्हता. कबुतरी करमला मिळाली. सित्त इहसान रडत घरी गेली आणि पुढच्याच महिन्यात कोर्टात.

हाज वर गेले. तिने चहा दिला, पण स्वतः बसली नाही.

"माझ्या नवऱ्याची कबुतरी परत द्या. हुकूम ट्रंकेत घालून ठेवते."

"सित्त, निवाडा दिलाय मी. चुकलोही असेन, पण चुकलो हे काही..." हाज मध्येच थांबले. चहा तसाच ठेवून ते जिना उतरून थेट करमच्या दुकानात शिरले.

"करम, तू माझ्याकडे आलास तेव्हा मागितलं काय होतंस?"

करमच्या हाती गिऱ्हाइकाचा अर्धा गाल होता. "मी? मी म्हटलं, कबुतरी तिची तिला जाऊ दे, मला एका विणीची पिल्लं द्या. तर तुम्हीच ओरडलात, नियम म्हणजे नियम, अख्खी कबुतरी घेऊन जा!"

"म्हणजे मी मागितल्यापेक्षा जास्त दिलं!" हाजनी करमला मिठी मारली. वस्तरा हातात होता म्हणून गिऱ्हाईक तेवढं किंचाळलं.

शुक्रवारी भर बाजारात हाजनी स्वतःचा निवाडा फिरवला. कबुतरी सित्त इहसानला, पहिल्या विणीची पिल्लं करमला. तिने कबुतरी छातीशी धरली आणि हमसाहमशी रडली. हाजना फार बरं वाटलं. वर्षभर आपण या बाईशी किती निर्दयपणे वागलो, असंही वाटलं.

शनिवारी सकाळी हाजनी दार उघडलं तर जिना माणसांनी भरलेला.

"हाज, फेरविचार सुरू केलात म्हणे?"

"माझा निळा नर आठवतो? लग्नाआधीचा?"

"त्याचं काय घेऊन बसलास! माझी जोडी गेली होती, जोडी!"

"अरे, तुझी जोडी मरून किती वर्षं झाली!" हाज म्हणाले.

"मग नातवंडं असतील की तिची!"

प्रत्येकाचं म्हणणं एकच होतं, की निवाडा पटलेला नाही. तेवढ्यात सित्त इहसान भाजीची टोपली घेऊन बाहेर पडली आणि दुसऱ्या पायरीवरच अडकली.

"हाज!" ती कडाडली. "दुपारच्या नमाजापर्यंत जिना मोकळा झाला नाही, तर ट्रंक उघडेन!"

हाज लोकांच्या खांद्यांचा आधार घेत कसेबसे तळमजल्यावर पोहोचले आणि वगदीच्या दारातच मटकन बसले.

"वगदी, बाळा, ती फेरविचाराची दारं पुन्हा सांग. सगळी. सावकाश."

"त्या दारांना तर शिव्या घालत होतात तुम्ही!"

"चुकलो. ज्याने ती मोजकीच ठेवली तो मोठा शहाणा माणूस." हाजनी जिन्याकडे चोरून पाहिलं आणि आवाज खाली आणला. "पण जरा जास्तच आहेत रे. त्यातली दोन-तीन बंद नाही करता येणार?"