एका रॉकेटची डुकरं किती?

चंद्रहास परांजपे याने वयाच्या त्रेचाळिसाव्या वर्षी स्वस्त रॉकेट बांधायचं ठरवलं. त्याआधी चौदा वर्षं तो नेदरलँड्समधल्या आइंडहोवनच्या एका यंत्रकंपनीत एकाच आरशाच्या एकाच कडेचा कंप मोजत होता. काम अतिशय महत्त्वाचं होतं, पण तो राहत असलेल्या न्यूनेन गावातल्या कुठल्याही जेवणावळीत त्या कडेची चौकशी कोणी करत नसे.

त्याची कल्पना मात्र कोणालाही कळेल अशी होती. मोठ्या कंपन्यांची रॉकेटं म्हणजे अवजड ट्रक. छोटा उपग्रह पाठवायला ट्रक कशाला? इथे प्रत्येक घरासमोर पुढे लाकडी खोकं लावलेली सायकल असते, बाकफिट्स. तशी अंतराळाची बाकफिट्स बांधायची. या एका वाक्यावर त्याला तीन परिषदांची आमंत्रणं आणि एक काचेचं स्मृतिचिन्ह मिळालं. कंपनीचं नाव त्याने ठेवलं 'सुलभ व्योम'.

"सुलभ म्हटलं की मला एसटी स्टँडच आठवतो," मेधा म्हणाली.

"डच लोकांना ते कळणार नाही."

रॉकेट मेधाला येत होतं. चंद्रहासला परिषदा येत होत्या. मेधा गोडसे भारतात नऊ वर्षं रॉकेट इंजिनांच्या ज्वलनकक्षांवर काम करत होती. नवऱ्याच्या नोकरीपाठोपाठ इथे आल्यावर तिला समुपदेशक बाईंनी पाळणाघराचा अभ्यासक्रम सुचवला, आणि मराठी मैत्रिणींनी डब्यांचा व्यवसाय. तिने डच शिकून घरगुती बॉयलरच्या कारखान्यात नोकरी धरली. ज्योत निळी आहे की पिवळी, हे दिवसभर बघायचं. चंद्रहासने विचारलं त्याच आठवड्यात तिने राजीनामा दिला. नवरा, रवींद्र, एवढंच म्हणाला, "निदान ज्योत तरी मोठी असेल."

जागा मिळाली हेंडरलो नावाच्या खेड्यात, हारी नावाच्या शेतकऱ्याच्या डुकरांच्या शेडमध्ये. हारीची डुकरं सरकारच्या नायट्रोजन कमी करण्याच्या धोरणात गेली होती. शेड उरली होती, आणि कागदावर चारशे वीस डुकरांचा परवाना. तिथे मेधाने आठ महिन्यांत इंजिन उभं केलं. आकाराने दहा लिटरच्या कुकरएवढं, काँक्रीटच्या ओट्याला आडवं बोल्ट केलेलं. आता ते फक्त दहा सेकंद पेटवून बघायचं होतं. त्यासाठी नगरपालिकेची परवानगी हवी होती.

पर्यावरण विभागातल्या मेव्हराऊ स्खाउटन या बाई फार सज्जन होत्या. हे आधीच सांगितलेलं बरं, कारण या गोष्टीत दुर्जन असा कोणी नाही. त्यांनी दोघांना कॉफी दिली, प्रत्येकी एक बिस्कीट दिलं आणि डबा बंद केला.

"रॉकेट इंजिन हा प्रकार आमच्या यादीत नाही," त्या म्हणाल्या.

"मग परवानगी नाही म्हणून सांगा," मेधा म्हणाली. "आम्ही वर अपील करू."

"नाही म्हणायलासुद्धा तो प्रकार यादीत असावा लागतो." बाईंनी संगणकाचा पडदा त्यांच्याकडे वळवला. "पण त्या शेडला डुकरांचा परवाना आहे. तुमचं इंजिन त्यात बसलं तर नवा परवाना लागणारच नाही. ते किती डुकरांएवढं आहे, एवढंच भरा."

"इंजिन म्हणजे डुक्कर नव्हे."

"हे आम्हालाही माहीत आहे. म्हणून आम्ही 'डुक्कर-समतुल्य' म्हणतो."

मेधाने तिथेच कागदावर समीकरणं मांडली. डुकरं मोजायची ती त्यांच्या अमोनियावर, आणि तिच्या इंधनातून अमोनिया निघत नव्हता. उत्तर आलं शून्य. बाई हळहळल्या. शून्य डुकरं म्हणजे शेड रिकामी, आणि शेड रिकामी म्हणजे परवाना रद्द.

चंद्रहासने पेन घेतलं आणि रकान्यात लिहिलं : सतरा.

"सतरा कुठून आणलेस?" बाहेर सायकलचं कुलूप काढताना मेधाने विचारलं.

"विश्वासार्ह वाटतो आकडा. वीस लिहिलं असतं तर अंदाजे वाटलं असतं."

परवानगी नऊ दिवसांत आली. दहाव्या दिवशी पशुकल्याण निरीक्षक आला. त्याने हातात प्लास्टिकचे मोजे चढवले, इंजिनाला एक फेरी घातली आणि नोंदवलं की जनावरांच्या कानाला बिल्ले नाहीत. इंजिनाला कान नाहीत, असं मेधा म्हणाली. अपंगत्वाची नोंद वेगळ्या अर्जावर होते, असं तो म्हणाला. दुसऱ्या दिवशी चंद्रहासने नॉझलच्या कडेला सतरा पिवळे बिल्ले तारेने बांधले. मेधाने ते कापून काढले. त्याने परत बांधले.

दुसऱ्या भेटीत निरीक्षकाने विचारलं, "यांच्या मनोरंजनाचं काय? नियमाप्रमाणे प्रत्येक डुकराला हुंगायला, चघळायला काही द्यावं लागतं. वाळलेलं गवत उत्तम."

"ही टाकी द्रव ऑक्सिजनची आहे," मेधा म्हणाली. "इथे गवत ठेवलंत तर शेड, तुम्ही आणि हारीचं घर, सगळंच रॉकेटच्या आधी वर जाईल."

निरीक्षकाने विचार केला. "लोखंडी साखळ्याही चालतात," तो म्हणाला. "पण आयुष्यात फक्त साखळी... वाईट वाटतं."

सतरा साखळ्या छताला टांगल्या गेल्या. रोज आठ तास दिवे लावले गेले. पाण्याचं भांडं आलं. हारी रोज संध्याकाळी येऊन ते भरून जाई. एकदा तो मेधाला म्हणाला, "माझी खरी डुकरं होती तेव्हा एवढी माणसं कधी आली नाहीत."

चाचणीची तारीख ठरली आणि त्याच आठवड्यात उल्हास सरंजामे आले. हे अ‍ॅमस्टरडॅम झुइडओस्टमधल्या एका काचेच्या इमारतीत बसून होतकरू कंपन्यांना भांडवल मिळवून देत. मेधाने त्यांना इंजिन दाखवलं. त्यांनी त्याच्याबरोबर एक फोटो काढला आणि पाठ फिरवली. मग त्यांची नजर भिंतीवरच्या तक्त्यावर गेली.

"हे काय आहे?"

"ते सरकारी काम," चंद्रहास ओशाळून म्हणाला. "इंजिनाचं डुकरांत रूपांतर."

उल्हास खुर्ची ओढून बसले. "अरे, मग हेच तुमचं प्रॉडक्ट! रॉकेट काय, कोणीही बांधतंय. पण या देशात ज्याचं नाव यादीत नाही असा प्रत्येक उद्योग अडकलाय. ड्रोनवाले, शेवाळवाले, प्रयोगशाळेत मांस वाढवणारे. तुम्ही त्यांना डुक्कर करून द्या. हे स्केल होतं!"

तीन आठवड्यांत 'सुलभ व्योम' ही कंपनी कशाचंही डुक्कर करून देणारी सॉफ्टवेअर कंपनी झाली. नवीन बारा माणसं लागली. त्यांतल्या एकानेही शेड पाहिली नव्हती. पहिलं गिऱ्हाईक म्हणजे ड्रोनवाले. एक ड्रोन, साडेतीन डुकरं. ते समाधानाने परत गेले.

"चाचणी पुढे ढकलू," चंद्रहास मेधाला म्हणाला.

"कुठपर्यंत?"

"मेधा, जरा समजून घे. इंजिन पेटलं की नगरपालिकेचं अमोनियाचं मीटर चालणार. मीटरवर शून्य आलं की सतरा खोटे ठरले. सतरा खोटे, म्हणजे साडेतीनही खोटे. आता इंजिन पेटणं कंपनीला परवडणारं नाही."

"म्हणजे ते चालेल, याचीच तुला भीती आहे."

"चालेल याची मला खात्री आहे. म्हणून तर."

मेधाने परवाना काढून पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला. त्यात एक कलम होतं : जनावरं अस्वस्थ होण्यासारखा प्रसंग असल्यास तीन दिवस आधी कळवावे. तिने मेव्हराऊ स्खाउटनना रीतसर लिहिलं की येत्या मंगळवारी सकाळी दहा वाजता सतरा डुकरं दहा सेकंद अस्वस्थ होतील. उलट टपाली पोच आली. त्यात शुभेच्छाही होत्या.

मंगळवारी शेडमध्ये कोणी नव्हतं. दोनशे मीटरवर, मातीच्या बांधामागे, मेधा आणि हारी, आणि बांधावर चित्रण करत ठेवलेला मेधाचा फोन. हारीने स्वच्छ शर्ट घातला होता. मेधाने आकडे उलटे मोजले, मराठीत. तीन, दोन, एक म्हणून तिने बटण दाबलं.

शेडच्या उघड्या तोंडातून निळसर पांढरी ज्वाला बाहेर आली, दीड मीटर लांब, आणि तिच्या आत एकामागे एक तेजस्वी मणी ओवल्यासारखे स्थिर उभे राहिले. ज्वलन नीट झालं की ते दिसतात. पायाखालची जमीन गुरगुरली. मेधाने ते मणी मोजले. सात होते. अकराव्या सेकंदाला तिने इंजिन बंद केलं, आणि मग तिला कळलं की आपण हारीचा दंड इतका वेळ घट्ट धरून ठेवलाय.

हारीने टोपी काढली. "छान जळलं," तो म्हणाला. त्या ब्राबांत प्रांतात याहून मोठी स्तुती नाही.

मीटरवर अमोनिया शून्य होता.

त्याच दुपारी नगरपालिकेचं पत्र आलं. शेडमध्ये नोंदलेली सतरा डुकरं मोजणीत आढळली नाहीत. ती मेली असल्यास विल्हेवाटीचे दाखले, विकली असल्यास वाहतुकीचे, पळाली असल्यास दिशा कळवावी. चंद्रहासने तातडीने खुलासा पाठवला : जनावरांची देखभाल सर्वस्वी श्रीमती गोडसे यांच्याकडे होती. त्यामुळे आकडे वाचले, कंपनी वाचली, आणि डुकरांच्या बाबतीत निष्काळजीपणा केल्याबद्दल मेधाला पाच वर्षं कुठलंही पशुधन बाळगायची बंदी झाली. तिने इंजिन उतरवलं. हारीने ते घोडे नेण्याच्या गाडीतून तिच्या घरी पोचवलं. हल्ली ती आठवड्यातून दोन दिवस नायमेखनला मुलांना ज्वलन शिकवते. वर्गात सहा मुलं आहेत.

चंद्रहासचा सत्कार तिथल्या मराठी मंडळाच्या दिवाळीच्या कार्यक्रमात झाला. शाल, श्रीफळ, आणि पडद्यावर मोठ्या अक्षरांत 'डचभूमीवरून मराठी झेप'. खाली रॉकेटचं छायाचित्र होतं. ते तिसऱ्याच देशाच्या रॉकेटचं होतं. मेधा पाचव्या रांगेत होती. शेजारच्या बाईंनी टाळ्या थांबल्यावर कौतुकाने तिला विचारलं, "आणि तुम्ही घरीच असता का?"

हे छायाचित्र तुम्हालाही आलं होतं. 'अभिमान असेल तर पुढे पाठवा' असं त्याखाली होतं, आणि तुम्ही ते चार गटांवर पाठवलंत. त्याच सकाळी त्यांतल्याच एका गटावर मेधाच्या नवऱ्याने, रवींद्रने, अकरा सेकंदांची एक चित्रफीत टाकली होती. फोनमधली जागा कमी पडत होती म्हणून तुम्ही ती न बघताच पुसलीत.