अकरा सेकंदांचं शास्त्रोक्त आकुंचन

एखाद्या गोष्टीचा सखोल अभ्यास करायचा तर ती आधी नजरेआड ठेवावी लागते, हे ज्ञानक्षेत्रातलं मूलभूत सत्य आहे. माहितीपटांचा इतिहास आणि तंत्रज्ञान या विषयातले अधिकारी पुरुष डॉ. शंतनु केळुसकर यांनी सिल्वासात राहून ते पाच वर्षं निष्ठेने पाळलं.

त्यांच्या टोकरखाड्यातल्या फ्लॅटवर पोळीभाजी करायला धुळ्याकडच्या पुतळाबाई येत. एक दिवस त्यांनी पिशवीतून पत्र्याचा गोल डबा काढला. आत फिल्मची फीत होती. जवळच्याच सायली गावातल्या एका सूतगिरणीवर चाळीसेक वर्षांपूर्वी काढलेला माहितीपट. गिरणी बंद पडली तेव्हा बाईंच्या नवऱ्याने तो भंगारातून उचलला, कारण त्यात तो स्वतः तुटलेला दोरा जोडताना दिसतो. (डब्यातल्या यादीप्रमाणे अकरा सेकंद.) पुढे नवरा गेला. फोटो एकही नाही.

"साहेब, तेवढं एकदा लावून दाखवा ना," बाई म्हणाल्या. "तोंड विसरायला झालं हो त्यांचं."

डॉक्टर गहिवरले. इतके, की तिथल्या तिथे त्यांनी प्रबंध योजला.

आता फीत यंत्रावर चढवावी तर ओरखडे पडणार, आणि संगणकावर नक्कल काढणं म्हणजे मूळपणाचा अपमान. (मुंबईची एक लॅब पंधरा दिवसांत नक्कल करून देणार होती. डॉक्टरांनी सातपानी पत्र लिहून तिचा दृष्टिकोन सुधारला.) उरलं मोजमाप. फितीच्या कडेची भोकं तीनदा मोजली, तिन्ही वेळा आकडा वेगळा आला, सरासरी काढली. डब्याच्या गंजावर स्वतंत्र प्रकरण झालं. फीत आक्रसत होती, तेही मोजलं: ०.९ टक्के, मग १.३, मग १.७. दोनच्या पुढे ती कुठल्याच यंत्रात बसत नाही, हा डॉक्टरांचा अतिशय लाडका मुद्दा.

"आंबूस वास मारतोय, लोणचं बिघडल्यासारखा. आता तरी लावा," पोळ्या लाटता लाटता बाई म्हणाल्या. डॉक्टरांनी ते वाक्य 'स्थानिक गंधज्ञान' म्हणून परिशिष्टात घेतलं. (बाईंचं नाव गाळून. गोपनीयता असते.)

गेल्या महिन्यात आकडा २.३ झाला, थर एकमेकांना चिकटले, चित्र विरघळलं आणि प्रबंध पुरा झाला. निष्कर्ष बिनतोड: ही फीत आता कोणालाही, कशानेही पाहता येणार नाही. तो जाहीरपणे वाचून दाखवला तेव्हा सभागृहाने उभं राहून टाळ्या वाजवल्या. पहिल्या रांगेत पुतळाबाई होत्या, ठेवणीतलं लुगडं नेसून. आज दाखवणार, असं त्यांना कोणीतरी सांगितलं होतं.

"कोणाला काही प्रश्न?"

बाई उठल्या. "त्यात त्यांनी टोपी घातली होती का हो?"

"बाई, ते अभ्यासाच्या कक्षेबाहेर आहे," डॉक्टर फार हळुवारपणे म्हणाले. बाई खाली बसल्या. अहो, भांडल्यासुद्धा नाहीत! मग चहा आला.

तुम्हाला डॉक्टरांचा राग आला असेल. यायलाच हवा. बरं, फितीचा शेवटचा आकडा किती? दोन पूर्णांक तीन. वा, पाठ आहे की तुम्हाला! डॉक्टरांचं आडनावही लक्षात असेल. आता दोरा जोडणाऱ्या त्या माणसाचं नाव काय, हे विचारावंसं तुम्हाला कुठल्या ओळीवर वाटलं, तेवढं सांगा.