कप्तानची कवायत

पासष्टीचा माणूस रोज सकाळी ट्रॅक्टरच्या जुन्या टायरमधून रांगत बाहेर येतो आणि मागं वळून कुत्र्याला म्हणतो, "बघितलंस? आता तू." कुत्रा जांभई देतो. हे बघितल्याशिवाय माझा सकाळचा चहा संपत नाही.

हे माझे शेजारी शिवलिंगअप्पा. मुरुडच्या शाळेत पीटीचे मास्तर होते. निवृत्त झाले तरी गळ्यातली शिट्टी काही उतरली नाही. "चुकलं, फिरून एकदा," हे त्यांचं आवडतं वाक्य. दूधवाल्यालाही ते तसंच ऐकवतात.

मोबाइलवर त्यांनी कुत्र्यांची अडथळ्यांची शर्यत बघितली आणि अंगणाचा आखाडा झाला. स्प्रिंकलरच्या पायपावरून उडी, सोयाबीनच्या पोत्यांचा बोगदा, मग टायर. शेवटी ओट्यापासून लिंबाच्या झाडापर्यंत नऊ बांबू. त्यांतून कप्ताननं नागमोडी पळायचं. कप्तान म्हणजे अप्पांच्या बायकोनं, शांताकाकूंनी, भाकरी घालून घालून वाढवलेला गावठी कुत्रा. पळणं हा विषय त्यानं कधीच सोडलेला.

ते बांबू बघून तर मला हसू आवरेना. कमरेइतके उंच, सिमेंटमध्ये गाडलेले, हात-हात अंतरावर. वरून अप्पा पॉलिश पेपरनं ते घासत बसलेले.

"अप्पा, कुत्र्याला एवढे गुळगुळीत कशाला?"

"कुसळ घुसंल की त्याला."

"आन लई जवळ जवळ रोवलेत. अडकंल तो."

"पीटीचा मास्तर मी हाय का तुम्ही?"

मी ही गोष्ट गल्लीभर सांगितली.

शांताकाकू ओट्यावर खुर्चीत बसून हे सगळं बघायच्या. मागच्या वर्षी त्यांना अर्धांगाचा झटका आला. डॉक्टर म्हणाले, चाललं तरच पाय सुटतील. वॉकर आणला, तर त्यावर टॉवेल वाळायला लागले. "मी काय लहान लेकरू हाय का, पांगुळगाडा धरायला?" एवढं बोलून त्या बसल्या त्या बसल्याच.

परवा सकाळी अप्पा लिंबाखालून ओरडत होते. "ह्या कुत्र्याला अक्कल न्हाई. माझं ऐकूनच न्हाई राहिला."

"तुम्हाला शिकवताच येत न्हाई," काकू म्हणाल्या. "सरका. ए कप्तान, चल माझ्यासंगं."

आणि त्या उठल्या. पहिला बांबू धरला, मग दुसरा. कप्तान त्यांच्या मागून निवांत चालला. चौथ्याला काकूंचा पाय अडखळला. अप्पा पुढं झेपावले आणि तिथंच थांबले. दोन्ही हात त्यांनी पाठीमागं घट्ट धरून ठेवले.

ते बांबू कुणासाठी घासले होते, ते मला तेव्हा कळलं. गल्लीभर हसत फिरलो याची लाज वाटली.

सातव्या बांबूपासून काकू परतल्या, धरत धरत खुर्चीत येऊन बसल्या. अप्पांनी शिट्टी तोंडात धरली आणि न वाजवताच काढली. शेवटी कुत्र्याकडे बघत ते म्हणाले, "चुकलं रे कप्तान. दोन राहिले."

काकूंनी कप्तानच्या डोक्यावर हात ठेवला. "त्याला बोलू नका," त्या म्हणाल्या. "उद्या करंल तो."