चार तोंडांचा चार्जर

ठमीच्या बाबांनी चार्जर निवडायला जेवढा वेळ घेतला, तेवढा ठमीच्या आईला निवडायलाही घेतला नव्हता. लग्नाचं एका भेटीत जमलं होतं. चार्जरचं मात्र पंधरवडाभर घोळत होतं.

कारण तसं खरंच होतं. बाहेरच्या खोलीतल्या एकुलत्या एक्स्टेन्शन बोर्डावर घरातले सगळे चार्जर दाटीवाटीनं लोंबत असायचे. दोन लॅपटॉपचे, तीन फोनचे, शिवाय ठमीच्या आजोबांच्या, म्हणजे आप्पांच्या, कानातल्या मशीनच्या डबीचा. ठमी रांगायला लागल्यापासून सगळ्या खेळण्यांकडे पाठ फिरवून थेट त्या वायरींकडे निघायची. एकदा तिनं एका वायरीचं टोक तोंडात घालून मनापासून चोखलं, आणि तिच्या बाबांनी जाहीर केलं, "आता घरात एकच चार्जर. सगळ्यांना मिळून. उंचावर."

"आण मग," ठमीची आई म्हणाली.

"असा कसा आणू? वॅट बघायला लागतात."

त्या दिवसापासून घरात वॅट राहायला आले. जेवताना वॅट, भांडी पुसताना वॅट. ठमीला मांडीवर थोपटतानासुद्धा तिचे बाबा हळू आवाजात तेच सांगायचे, आणि ती गाढ झोपायची. "एकच लॅपटॉप लावला तर शंभर. जोडीला फोन आला तर पासष्ट आणि पस्तीस. अजून कोणी आलं की पुन्हा नव्यानं वाटणी."

"म्हणजे एकत्र कुटुंबच की," आप्पा म्हणाले. "पाहुणा आला की प्रत्येकाच्या ताटातलं थोडं थोडं कमी."

"बघ, आप्पांना कळलं. तुला कळतंय का?"

ठमीच्या आईला एवढंच कळत होतं की तिच्या लॅपटॉपची बॅटरी केव्हाच मेली आहे. वायर जोडलेली असेल तोवर तो चालायचा, निघाली की त्याच क्षणी मान टाकायचा. "माझा चालेल ना त्याच्यावर?"

"चालेल काय, धावेल."

धावायची काही गरज नव्हती. गुरुवारी दुपारी तीन वाजता तासभर नुसता उभा राहिला असता तरी पुष्कळ होतं. गुरुवारी तिची मुलाखत होती. काम रेकॉर्ड केलेलं बोलणं ऐकून टाइप करून द्यायचं, घरी बसून, आपल्या वेळेनं. ठमी झाल्यावर नोकरी सुटली, त्यानंतर ठमीच्या झोपेत बसेल असं हे पहिलंच काम समोर आलं होतं. तिनं कोणाला बोलून दाखवलं नव्हतं, पण ते मिळावं म्हणून ती मनातल्या मनात झुरत होती. हल्ली तिला स्वतःचं असं एक अख्खं वाक्यही मिळत नसे. आईशी फोनवर सकाळी सुरू केलेलं वाक्य ती संध्याकाळी पुरं करायची, आणि तिच्या आईलाही ते आता अंगवळणी पडलं होतं.

बुधवारी रात्री ठमीच्या बाबांना निरोप आला की चार्जर उद्या पोचतो. त्यांना इतका आनंद झाला, की गुरुवारी सकाळी ठमीची आई ठमीला आंघोळ घालत असताना त्यांनी घरातले सगळे जुने चार्जर पिशवीत भरले आणि ऑफिसात नेले. तिथं मोडक्या इलेक्ट्रिक वस्तू टाकायची एक पेटी होती. आंघोळ उरकून ती बाहेर आली, तर बोर्ड पाटीसारखा कोरा.

अकरापर्यंत आप्पांचा फोन गेला. बारापर्यंत आप्पांच्या कानातलं मशीन गेलं. तिच्या फोनमध्ये कसाबसा जीव होता. कुरिअरवाला आला तेव्हा सगळं घर उपाशी होतं.

खोक्यातून निघालेला चार्जर साबणाच्या वडीएवढा होता. त्याला चार तोंडं, सोबत चार वायरी. ठमीच्या आईनं एकात आपला लॅपटॉप जोडला, दुसऱ्यात आप्पांची कानाची डबी. लॅपटॉप सुरू झाला. ठमी मुठी वळून झोपली. तीनला दोन मिनिटं असताना ठमीच्या आईनं साडीच्या घड्यांखालचा जुना कुर्ता काढून चढवला, आणि कितीतरी दिवसांनी तिला आपण नीटनेटकी बाई असल्यासारखं वाटलं.

पडद्यावर एक मॅडम आल्या. चष्मा कपाळावर, आवाज मऊ. "आधीच्या कामाबद्दल सांगा जरा."

"मी एका वकिलांकडे होते. साक्षीदारांचं बोलणं ऐकून उतरवायचं. त्यात दोन माणसं एकदम बोलायला लागली की..."

पडदा काळा झाला.

तिनं वर पाहिलं. बोर्डापाशी आप्पा उभे होते, चेहऱ्यावर काम फत्ते झाल्याचं समाधान. "लावला बरं का माझा फोन."

"आप्पा, काय केलंत हे?"

"हो हो, होईल की चार्ज," आप्पा म्हणाले. त्यांचं मशीन डबीत होतं.

लॅपटॉप नव्यानं सुरू झाला, आणि सुरू होताना त्यानं त्याची ती स्वागताची धून वाजवली. ती बंद करायचं वर्षभर राहून गेलं होतं. आत ठमीनं कूस बदलली. ठमीची आई श्वास रोखून बसली, मॅडम दिसल्याबरोबर म्हणाली, "...कोणाचं वाक्य कुठं संपलं ते ओळखणं, हेच खरं काम."

"बरं," मॅडम म्हणाल्या. "आणि नीट ऐकूच आलं नाही तर?"

उत्तर देता देता तिला दिसलं, की आप्पांचा हात पुन्हा चार्जरकडे निघालाय. तिनं टेबलाच्या आडून दोन्ही हात जोरजोरात हलवले. आप्पांनी नीट पाहिलं, समजूतदारपणे मान डोलावली आणि फोन उपटला.

"अंदाजानं भरायचं नाही, तिथं..." एवढ्यावर पडदा काळा.

तिनं फोन लावला. "अरे, लॅपटॉप बंद पडतोय. आप्पांनी फोन लावला की बंद. काढला की बंद."

"बरोबर आहे," ठमीचे बाबा उत्साहानं म्हणाले. "वाटणी करतोय तो. नवीन कोणी आलं की क्षणभर सगळ्यांचं बंद करतो, हिशेब करतो, परत देतो. फार हुशार सर्किट आहे."

"आणि कोणी गेलं तर?"

"तर उरलेल्यांना जास्त द्यायला नको का?"

"माझी मुलाखत चाललीय रे. माझा जुना चार्जर कुठंय?"

पलीकडे खुर्ची सरकल्याचा आवाज आला. मग, "पेटी अजून नेली नसेल बहुतेक." तेवढ्यात तिच्या फोननंही डोळे मिटले.

पुन्हा धून. पुन्हा मॅडम. "...जागा मोकळी सोडायची, आणि तसं स्पष्ट लिहायचं," ठमीची आई म्हणाली. मॅडमनी काहीतरी टिपून घेतलं. नापास असं लिहायला जेवढा वेळ लागतो, साधारण तेवढाच वेळ त्यांना लागला.

मॅडम पुढच्या प्रश्नासाठी पानं चाळत होत्या. ठमीच्या आईनं ठमीच्या लशीच्या कागदांच्या पाकिटावर मागच्या बाजूला मोठ्या अक्षरात लिहिलं, 'चार्जरला हात लावू नका', आणि ते उंच धरलं. आप्पांनी डोळे बारीक केले. पाकीट हातात घेऊन लांब धरून पाहिलं, जवळ धरून पाहिलं. मग चष्मा आणायला आत गेले. चष्मा घालून परत येताना त्यांची नजर कानाच्या डबीवर गेली. हिरवा दिवा लागला होता. मशीन भरलं होतं. आता वाचायची गरजच काय, सरळ ऐकताच येईल, असा पोक्त विचार करून त्यांनी डबी काढून घेतली.

पडदा काळा झाला.

आप्पांनी मशीन कानात बसवलं, खुर्ची ओढून सुनेपाशी बसले आणि प्रेमानं म्हणाले, "हं. आता बोल बाळा. काय म्हणत होतीस?"

ठमीच्या आईनं त्यांच्याकडे पाहिलं. ओरडावं असं काही त्या चेहऱ्यात नव्हतं. "काही नाही, आप्पा. आता कशालाच हात लावू नका, एवढंच."

"मी कशाला लावतोय?" आप्पा म्हणाले.

या वेळच्या धुनीला ठमी उठली, आणि उठली ती सूर लावूनच. तिला मांडीवर घेऊन ठमीची आई पुन्हा पडद्यासमोर बसली. मॅडमनी एक रेकॉर्डिंग लावलं, ऐकत ऐकत टाइप करायला सांगितलं. ठमी रडायची थांबून कळफलकावरच्या बोटांकडे टक लावून पाहत होती. आप्पा बोर्डासमोर हाताची घडी घालून पहारा देत होते. चार्जरवर आता लॅपटॉपशिवाय कोणीच नव्हतं. सगळे शंभर वॅट एकट्या तिचे होते. अर्धं पान झालं. तिला वाटलं, सुटलो.

मग ठमीला आईच्या कोपराखालून गेलेली ती पांढरी वायर दिसली. तिनं दोन्ही हातांनी ती धरली आणि अंग मागे टाकून ओढली.

काळ्या पडद्यात ठमीच्या आईला आपला चेहरा दिसला आणि खाली ठमीचा, हसरा. तिनं ठमीच्या मानेत तोंड खुपसलं. दुधाचा आणि पावडरीचा वास आला. रागवावं एवढंही बळ तिच्यात उरलं नव्हतं. संपलं म्हणजे संपलं. वायर नसती ओढली, तरी यापुढे कसलं काम आणि कसलं काय. निदान माफी मागून मोकळं व्हावं, म्हणून तिनं वायर परत जोडली. पडदा उजळला आणि तिची बोटं आपोआप, जिथं थांबली होती त्या शब्दापुढे चालू लागली. ओळ पुरी झाल्यावर तिला माफीची आठवण आली.

"मॅडम, सॉरी. तुमचा फार वेळ घेतला. आमच्याकडे जरा..."

"एक विचारू?" मॅडमनी चष्मा कपाळावरून खाली घेतला. "तुम्ही इतक्यांदा गेलात, पण परत आलात ते दर वेळी त्याच शब्दावर. 'कुठं होते मी' असं एकदाही विचारलं नाहीत. आमच्याकडची रेकॉर्डिंगं अशीच येतात, मधेच तुटलेली. चांगली चांगली माणसं तिथं हात टेकतात. ही सवय कुठं लागली तुम्हाला?"

ठमीच्या आईनं मांडीकडे पाहिलं. ठमीनं वायरीचा मधला भाग तोंडात घातला होता.

"घरीच," ती म्हणाली.

संध्याकाळी ठमीचे बाबा आले ते कोपरापर्यंत काळे होऊन. पेटीच्या तळाशी हात घालून त्यांनी तिचा जुना, जाडजूड, एका तोंडाचा चार्जर शोधून आणला होता. त्यांनी तो तिच्यापुढे ठेवला. तिनं तो ओढणीनं पुसला. हुशार सर्किट आप्पांच्या फोनकडे गेलं, आणि घरात वॅट हा शब्द कोणी काढेनासा झाला.

ती कामावर रुजू झाली त्याच आठवड्यात ऑफिसकडून एक खोकं आलं. वर मॅडमच्या अक्षरात लिहिलं होतं, 'घरून काम करणाऱ्यांसाठी आमची छोटीशी भेट.' ठमीच्या बाबांनी ते उघडलं, आत डोकावून पाहिलं आणि झाकण हळूच परत लावलं.

"काय आहे?" ठमीच्या आईनं विचारलं.

आप्पांनी खोकं ओढून घेतलं, चष्मा लावला आणि एकेक तोंड बोटानं मोजलं.

"आठ आहेत," ते समाधानानं म्हणाले. "आता माझं दाढीचं मशीनही बसेल."