भाऊंच्या कानावर

सत्तेला घाबरणारा माहितीपट काढत नाही, आणि माहितीपट काढणारा सत्तेला घाबरत नाही! हे वाक्य मी तीस वर्षं व्याख्यानांतून ऐकवत आलोय. त्या दिवशी मात्र, वाचकहो, मी ते कंत्राटदार भाऊंच्या बाथरूममध्ये, आतून कडी लावून, पालथ्या बादलीवर बसून आठवत होतो.

झालं असं, की भाऊंचा नवा पूल उद्घाटनाची फीत कापण्याआधीच नदीत बसला. त्यावर मी दोन वर्षं एकट्यानं चित्रण केलं. शेवटची मुलाखत खुद्द भाऊंची. त्यांना सांगितलं होतं, "विकासपुरुषांवर फिल्म काढतोय!" आवाज तपासायला बिनतारी माइक मी माझ्याच कॉलरला लावला आणि हेडफोन भाऊंच्या कानांना.

"अरे वा! तुमचा श्वासपण ऐकू येतो की!" भाऊ हरखले.

तेवढ्यात मला घाईची लागली. बाथरूममधूनच बायकोला फोन लावला.

"अगं, गेंडा पिंजऱ्यात आला! आधी गोडगोड प्रश्न विचारतो, मग दाखवतो पडलेला पूल. अक्कल गुडघ्यात आहे त्याची!"

"अहो, खरखर कसली येतेय? माइक काढलाय ना तुमचा?"

मी खाली पाहिलं. माइकचा दिवा हिरवागार!

खिडकी होती, पण तिच्यातून फार तर मांजर गेलं असतं.

"तसेच पळून या!"

"आणि डिस्क? दोन वर्षांचं चित्रण भाऊंच्या टेबलावर पडलंय!"

"दुसरी प्रत असेलच ना?"

"काढणारच होतो..." मी बादली पालथी घालून तिच्यावर बसलो.

"कपाळ माझं!" बायको म्हणाली.

दारावर थाप पडली. "भाऊ बोलावतायत." अंगरक्षक. रुंदीला दाराएवढाच.

कसायामागून बोकडानं जावं, तसा गेलो. भाऊंच्या कानांवर हेडफोन तसेच. हात डिस्कवर.

"दार लाव रे," ते अंगरक्षकाला म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "केवढी धडधडतेय छाती तुमची! पाणी प्या."

माइक अजून चालूच होता!

"भाऊ, ते गेंडा वगैरे..."

"सोडा हो! माझ्यावरची ही चौथी फिल्म. आधीच्या तीन कुणी पाहिल्या? उलट प्रत्येकीनंतर मला एकेक पूल मिळाला." त्यांनी डिस्क माझ्या हातात ठेवली. "विचारा बिनधास्त. पूलही दाखवा. फक्त एक विनंती आहे."

"बो... बोला."

"उजवीकडून तेवढं घेऊ नका. त्या बाजूनं टक्कल दिसतं."